ओसरती पोथी : एका कल्पित जादूग्रंथाच्या घडणीचा प्रकरण अभ्यास

कोल्हापुरातल्या एका हौशी नाट्यसंस्थेने दोन अंकी बालनाट्य बसवायला घेतलं. नाटक घडतं ‘सातडोह’ नावाच्या कल्पित मुलखात. तिथे जमीन थोडी आणि पाणी फार. गावं डोहांच्या काठाने वसलेली, माणसं होडीतून ये-जा करणारी. कथेच्या मध्यभागी आहे दंतकथेतला एक जादूचा ग्रंथ. संहितेत त्याचं वर्णन एका ओळीचं होतं : ‘प्राचीन, जाडजूड, चामड्याच्या बांधणीचा ग्रंथ.’

या ओळीबरहुकूम पहिला ग्रंथ तयार झाला आणि तालमीतच निकालात निघाला. दुसरी घडण पूर्ण वेगळ्या दिशेने गेली आणि ती चौदा प्रयोग चालली. दोन्ही घडणींची मापं, कृती आणि चुका इथे दिल्या आहेत. ज्यांना कल्पित मुलखातली एखादी वस्तू रंगमंचावर खरी वाटायला हवी असेल, त्यांना यातलं बरंच जसंच्या तसं वापरता येईल.

पहिला ग्रंथ का फसला

माप ४४ × ३१ सेंमी. १०० जीएसएमची (म्हणजे चौरस मीटरला १०० ग्रॅम वजनाच्या कागदाची) ३०० पानं, ६ मिमी प्लायवूडची पुठ्ठ्याऐवजी घातलेली झाकणं, त्यावर अडीच मिमी जाडीचं चामडं, चारही कोपऱ्यांना पितळी पत्रा. कागदाचंच वजन पावणेचार किलो भरलं. झाकणं एक किलो, चामडं पाऊण किलोच्या वर, बाकी पितळ आणि गोंद. एकूण सहा किलोच्या आसपास.

ग्रंथ उचलायचा होता दहा वर्षांच्या मुलीला, तोही एका हातात, कारण दुसऱ्या हातात कंदील. तिला तो छातीशी कवटाळावा लागे आणि मग तोंड झाकलं जाई. संवाद पुठ्ठ्याला बोलल्यासारखे ऐकू येत. जाडजूड ग्रंथाचं आकर्षण समजण्यासारखं आहे, पण जगातली खरोखरची अवाढव्य हस्तलिखितं कुणी हातात घेऊन फिरत नव्हतं. स्टॉकहोमच्या राष्ट्रीय ग्रंथालयातलं ‘कोडेक्स गिगास’ हे मध्ययुगीन हस्तलिखित ९२ सेंमी उंच आणि सुमारे ७५ किलो वजनाचं आहे. ते एका जागी ठेवून वाचायची चीज. सातडोहातली मुलगी तर ग्रंथ घेऊन होडीतून पळते.

दुसरी अडचण चामड्याची. कोल्हापुरी चपलेचं चामडं बाभळीची साल आणि हिरडा यांत कमावलेलं असतं. त्याचा रंग, वास आणि वापराने येणारी चकाकी यांना तोड नाही, म्हणून ते निवडणं बरोबरच होतं. पण ते ओलं करून, ताणून, फक्त बाहेरच्या बाजूने पांढऱ्या गोंदाने चिकटवलं गेलं. आठ दिवसांत दोन्ही झाकणं होडीसारखी बाहेरच्या अंगाला वाकली. सुभाषनगरच्या एका वयस्क कारागिरांना दाखवलं तेव्हा त्यांनी कारण एका वाक्यात सांगितलं : ‘‘दादा, कातडं वलं हाय तवर आपुन त्याला वडायचं न्हाई. वाळलं की ते आपल्याला वडतंय.’’ आतल्या बाजूने तेवढ्याच ताणाचं अस्तर असतं तर झाकण सरळ राहिलं असतं. ते नव्हतं. त्यात जुलै महिना. बंद खोलीत ठेवलेल्या चामड्यावर करड्या बुरशीचे ठिपके आले. कोपऱ्यांना लोखंडी चुका मारल्या होत्या, त्यांच्याभोवती निळे-काळे डाग उमटले. कमावलेल्या चामड्यातलं टॅनिन (साल-हिरड्यातला तुरट घटक) आणि ओलं लोखंड एकत्र आलं की हे होतंच. तिथे पितळी चुकाच हव्यात.

ही झाली कारागिरीची बाजू. मूळ दोष मात्र वेगळा होता. हा ग्रंथ कुणाचा, कुणी वापरला, कुठे ठेवला, कशाने झिजला, हे कुणी ठरवलंच नव्हतं. त्यामुळे सगळी पानं सारखीच चहात बुडवून तपकिरी केलेली आणि सगळे कोपरे सारखेच कुरतडलेले. म्हातारपण सगळीकडे एकाच मापाने येत नाही. बोटं लागतात तिथे कागद झिजतो, बाकीचा तसाच राहतो. प्रेक्षकाला हे शब्दांत सांगता येणार नाही, पण डोळ्याला ते लगेच खटकतं. या शहरातली नाटकं-सिनेमाची नजर जुनी आहे. बाबूराव पेंटरांनी नाटकांचे पडदे रंगवतच सुरुवात केली आणि ‘प्रभात’ची स्थापना १९२९ साली इथलीच. इथे पुठ्ठ्याला पुठ्ठाच म्हणतात.

आधी दंतकथा

दुसऱ्या वेळी चामडं, कागद काहीही आणण्याआधी ग्रंथाचे नियम लिहून काढले. मूळ संहितेत मंत्र वाचला की पान पेटत असे. ते पहिल्याच बैठकीत काढून टाकलं. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. १९१५ सालची ती वास्तू. त्यानंतर या शहरात मुलांच्या नाटकात रंगमंचावर ज्योत लावायची कल्पनाही नको वाटते, आणि सुरक्षेच्या दृष्टीनेही तेच योग्य.

मग पान जळायचं नसेल तर मंत्राचं काय व्हावं? मुलूख पाण्याचा, तेव्हा उत्तरही पाण्यात सापडलं. मंत्र वाचून पानावर डोहाचं पाणी सोडायचं, की अक्षरं ओसरतात आणि मंत्र फळतो. एकदा ओसरलेला मंत्र परत येत नाही. पोथीची पानं १०८, त्यातली १०५ आधीच ओसरलेली. नाटक सुरू होतं तेव्हा तीनच मंत्र शिल्लक. एवढा एक नियम ठरला आणि नाव आपसूक आलं : ओसरती पोथी.

नियम पक्का केला की बाकीचे तपशील त्यातूनच निघतात. पाण्याने अक्षरं जाणार असतील आणि पोथी होडीतून फिरणार असेल, तर ती मेणकापडात गुंडाळलेली असणार. जो बाळगेल त्याला पावसाची धास्ती असणार. वाचनाच्या तालमीत एका मुलाने विचारलं, ‘‘मग त्यांनी झेरॉक्स का नाही काढली?’’ प्रश्न अगदी रास्त आहे, आणि जादूच्या कुठल्याही कथेत तो येतोच. त्याला उत्तर नसेल तर कथा तिथेच गळते. म्हणून दुसरा नियम : मंत्राची नक्कल केली की मूळ पान त्याच क्षणी कोरं होतं. नक्कल करणं म्हणजे फक्त जागा बदलणं. नाटकात यासाठी एक वाक्य वाढवलं आणि पोथीत त्याचा पुरावा ठेवला. तीन पानं वेगळ्या, हलक्या, पिवळट कागदाची. कुणा चोराने मंत्र उचलून नेले आणि पुढे ते परत मिळवले गेले, अशी त्यांची हकिकत.

त्यानंतर पोथीची मालकी-परंपरा. चार जण पुरेसे होते : नावाडी, वैदू, चोर आणि राणी. प्रत्येकाने पोथीवर काय सोडलं ते ठरवलं. नावाड्याच्या काळात खालचा डावा कोपरा भिजला. वैदूने समासात औषधं टिपली आणि तेलकट बोटं लावली. चोराने पानं बदलली आणि एक कोपरा काळा केला. राणीने झाकणाला चांदीचं कडं लावलं, पण पानं फारशी उघडली नाहीत, म्हणून शेवटची वीसेक पानं तुलनेने स्वच्छ. यापलीकडे एकही डाग लावायचा नाही, असं ठरलं आणि ते पाळलं गेलं.

पोथीच का

जादूचा ग्रंथ म्हटला की चामड्याची जाड पेटी डोळ्यांपुढे येते. ती सवय परक्या चित्रांतून आलेली आहे. आपल्याकडे गूढ, पवित्र, घरात वर ठेवलेलं पुस्तक म्हणजे सुटी आडवी पानं, वर-खाली लाकडी फळी, त्यावर तांबडं बासन, म्हणजे गुंडाळायचं कापड. मराठी मुलाला बासन सोडतानाच कळतं की आता काही महत्त्वाचं निघणार आहे. पण इथे निवड केवळ भावनेची नव्हती. मंत्राचं पान प्रत्येक प्रयोगात भिजणार, म्हणजे ते दर वेळी बदलावं लागणार. शिवलेल्या पुस्तकात ते जमत नाही. सुट्या पानांच्या पोथीत नवं पान ठेवलं की झालं.

पान ३२ × १४ सेंमी. १५० जीएसएमचा हातकागद. एका पानाचं वजन पावणेसात ग्रॅमच्या आत, १०८ पानांचं सव्वासातशे ग्रॅम, जाडी तीन सेंमीच्या आसपास. फळ्या सागवानाच्या, ३४ × १६ सेंमी, ८ मिमी जाड. दोन्ही मिळून साडेपाचशे-पावणेसहाशे ग्रॅम. वरून सव्वा मिमीच्या बकऱ्याच्या पातळ चामड्याची पट्टी आणि बासन धरून सगळं १६०० ग्रॅमच्या घरात बसलं. मुलगी ती काखेत मारून पळू लागली.

कागद आणि पाण्याची रेघ

हातकागद शोषून घेतो, त्यामुळे बोरूने लिहिलं की अक्षर फुटतं. त्यासाठी भाताची पातळ पेज गाळून दोन्ही बाजूंनी एक हात फिरवली, सावलीत वाळवली आणि गुळगुळीत शंखाने घोटली. कागद विकत घेतानाच तुरटी लावलेला नसल्याची खात्री करायची. तुरटी आम्लधर्मी असते आणि पुढच्या मंत्रपानाच्या कामात ती घात करते.

नावाड्याच्या भिजलेल्या कोपऱ्यासाठी पहिल्यांदा प्रत्येक पान वेगळं बुडवलं. चूक. कोल्हापूरच्या प्रेक्षकाला पाण्याची रेघ वाचायला शिकवावं लागत नाही. पंचगंगेच्या राजाराम बंधाऱ्यावर पाणी ३९ फुटांना इशारा आणि ४३ फुटांना धोका, हे इथल्या शाळकरी पोरालाही पाठ असतं. २०१९ आणि २०२१ च्या पुरानंतर कित्येक घरांच्या भिंतींवर, कपाटांवर, दप्तरांवर ती रेघ राहिली. पोथी भिजली असेल तर रेघ पानोपानी एकाच जागी यायला हवी, आणि गठ्ठ्याच्या मध्याकडे थोडी थोडी कमी होत जायला हवी. पाणी कडेने शिरतं, वाटेत विरघळलेला मळ पुढे ढकलत नेतं आणि जिथे थांबतं तिथे तो सोडतं. म्हणून रेघेची बाहेरची कड गडद असते आणि आतला भाग फिका.

कृती अशी. हिरड्याची पूड ५० ग्रॅम, पाणी एक लिटर, वीस मिनिटं उकळून रात्रभर ठेवायचं, सकाळी कापडातून गाळायचं. पानांचा गठ्ठा दोन फळ्यांत सैल दाबून डावा कोपरा चार सेंमी बुडवायचा. दहा मिनिटांनी काढून तो कोपरा खाली ठेवून गठ्ठा तसाच उभा वाळू द्यायचा. घाईने पानं सुटी केली तर रेघ येतच नाही, नुसता डाग येतो. कोल्हापूरच्या पावसाळी हवेत वाळायला तीन दिवस लागले. पंखा चालेल, इस्त्री नको.

चोराचा काळा कोपरा जळका दिसायला हवा होता, तोही आगीविना. हिरडा लावून पूर्ण वाळलेल्या कडेवर हिराकसाचं, म्हणजे फेरस सल्फेटचं, पाणी (१०० मिलीत ५ ग्रॅम) ब्रशने लावलं की मिनिटाभरात करडं, मग काळं होत जातं. आपल्याकडे काळा रंग आणि काळी शाई करायची ही जुनीच जोडी. कडेची चिंधी आधी हाताने फाडून घेतली आणि काळा रंग दोन सेंमीत विरत नेला. दोन हातांच्या अंतरावरूनही तो जळल्यासारखाच दिसतो. हिराकसाने कागद काही वर्षांत ठिसूळ होतो. रंगमंचाच्या वस्तूला ते चालतं, घरातल्या जुन्या कागदांवर हा प्रयोग कधीही करू नये.

मंत्रपान

सगळ्या घडणीत सर्वांत जास्त वेळ या तीन पानांनी घेतला. पाणी सोडलं की अक्षरं प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत जायला हवीत. उत्तर स्वयंपाकघरात होतं. हळदीला चुना किंवा सोडा लागला की ती लाल होते आणि लिंबू पिळलं की परत पिवळी. हळदीतलं कर्क्युमिन उदासीन आणि आम्ल द्रावणात पिवळं असतं, सामू (पीएच) साडेआठच्या वर गेला की तांबूस-लाल होतं. म्हणजे हळदीच्या पानावर सोड्याने लिहायचं आणि आम्लाने पुसायचं.

मराठी कानाला यात आणखी एक गंमत ऐकू येईल. जुन्या हस्तलिखितांत चुकलेली अक्षरं झाकायला त्यावर पिवळा हरताळ लावत. ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार तिथलाच. पिवळ्यात अक्षर बुडून जाणं ही आपल्या पोथ्यांची जुनी रीत आहे. मात्र खरा हरताळ म्हणजे आर्सेनिकचं संयुग, विषारी. नाटकाच्या सामानात त्याला जागा नाही.

हळद पाण्यात नीट विरघळत नाही. पाण्यात कालवून लावली तर कण बसतात आणि पान पिठूळ दिसतं. म्हणून १० ग्रॅम हळद २०० मिली सर्जिकल स्पिरिटमध्ये हलवून रात्रभर ठेवायची आणि दुहेरी सुती कापडातून गाळायची. गाळलेल्या सोनेरी द्रावणाचे दोन हात पानाच्या एका बाजूला. एवढ्यात बारा पानं होतात. स्पिरिट पेट घेतं, त्यामुळे वाळेपर्यंत जवळ उदबत्तीसुद्धा नको. हळद सांगलीच्या बाजाराची, हळकुंडं आणून कुटलेली. रंग मिसळलेली सुटी पूड या कामाला उपयोगाची नाही, कारण तो मिसळलेला पिवळा रंग सोड्याने बदलत नाही आणि अक्षर मळकं उठतं.

आधी चुन्याची निवळी वापरली. अक्षर लगेच लाल आलं, पण शनिवारी लिहिलेलं रविवारी फिकं पडलं. निवळीत चुना विरघळतोच मुळात फार थोडा, लिटरला दीड ग्रॅमच्या आसपास, आणि हवेतल्या कार्बन डायऑक्साइडने त्याची पुन्हा खडूसारखी भुकटी होते. अल्कपणा संपतो, लाली जाते. शिवाय चुना डोळ्याला धोक्याचा. मग धुण्याचा सोडा घेतला : १०० मिली पाण्यात १० ग्रॅम, त्यात चिमूटभर बाभळीचा डिंक, म्हणजे अक्षराची कड फुटत नाही. हे अक्षर दुसऱ्या दिवशीही ठसठशीत राहिलं. तरी नियम केला की मंत्रपान प्रयोगाच्या दोन तास आधी लिहायचं, मोठ्या माणसाने, हातमोजे घालून.

पुसायला पहिल्यांदा व्हिनेगर घेतलं. काम चोख झालं, पण पहिल्या दोन रांगांत चायनीजच्या गाडीचा वास पसरला. त्याऐवजी लिंबूसत्त्व (सायट्रिक ॲसिड), १०० मिली पाण्यात ५ ग्रॅम. वास नाही, दिसायला पाणीच. एकदा काटकसर म्हणून २ ग्रॅम टाकलं तर अक्षरं पिवळी न होता नारिंगी होऊन थांबली. सोडा अर्धाच मारला गेला होता. मंत्र अर्धा फळला असं दिसलं. पुन्हा कमी केलं नाही.

आता ते पाणी मुलगी कसं सोडणार? लपवलेली नळी, बाहीतली पिचकारी, असे उपाय सुचले होते. गरजच नव्हती. दंतकथेतच पाणी सोडायचं आहे, तेव्हा ते उघड सोडावं : पंचपात्रातून पळीने. पळीत पाच मिली मावतं, एका मंत्राला चार पळ्या. जे लपवायचं ते प्रेक्षकांसमोर ठेवलं की त्याकडे कुणी संशयाने बघत नाही.

पान कोणत्या कोनात ठेवायचं याला महत्त्व निघालं. ३० अंशांवर पाणी साचतं आणि अक्षर एकाच जागी डबक्यासारखं राहतं. ६० अंशांवर पाणी काम करायच्या आत निथळून जातं. ४५ अंश बरोबर. पहिल्या ओळीवर डावीकडून उजवीकडे पळी फिरवायची. सोड्यामुळे लाल झालेली हळद पाण्यात सैल होते, त्यामुळे अक्षरातून लाल ओघळ खाली उतरतात आणि दोन-तीन क्षणांत तेही पिवळे होऊन विरतात. आधी या ओघळांना दोष मानून ते थांबवायचे प्रयत्न झाले. मग कुणाच्या तरी लक्षात आलं की ओसरणं म्हणतात ते हेच. अक्षर नुसतं गायब होत नाही, ते वाहून जातं. जवळून बघितलं तर प्रत्येक रेषेच्या कडेला मोहरीएवढे बुडबुडे उठतात, सोडा आणि आम्ल भेटल्याचे, आणि कान लावला तर अगदी बारीक सळसळ. मागच्या रांगेला त्यातलं काही कळत नाही. पळी धरणाऱ्या मुलीला मात्र रोज कळायचं, आणि तिच्या चेहऱ्यावरचं आश्चर्य शेवटपर्यंत खरं राहिलं.

ओला हातकागद स्वतःच्या वजनाने फाटतो, म्हणून पानामागे २ मिमी ॲक्रिलिकची फळी आणि खाली ताम्हण. ताम्हण विसरलं तर पिवळं पाणी धोतरावर जातं. हळदीचा डाग साबणाने लाल होतो, मग घाबरून आणखी साबण लावला जातो. साध्या पाण्याने धुऊन उन्हात टाकलं की तो उडतो.

एक चूक मात्र महागात पडली. बाकीच्या पानांशी रंग जुळावा म्हणून मंत्रपानालाही आधी हिरड्याचा हात दिला होता. सोड्याची अक्षरं लाल न येता तपकिरी-हिरवट आली आणि आम्ल सोडल्यावरही त्यांची सावली राहिली. टॅनिन अल्कात काळवंडतं आणि पुरतं माघारी येत नाही. चहात सोडा टाकून बघा, म्हणजे कळेल. बारा पानं वाया गेली. तोडगा उलटा निघाला : मंत्रपानाला बाकीच्यांसारखं करण्याऐवजी सगळ्याच १०८ पानांना हळदीचा अगदी फिका हात दिला, आणि मंत्रपानांवर हिरडा फक्त कडेच्या दीड सेंमीत ठेवला.

लिपी

मोडी वापरू या, असं सगळ्यांत आधी सुचलं. जुनी, वळणदार, आज बहुतेकांना न वाचता येणारी. तिला ठाम नकार द्यावा लागला. कोल्हापुरात मोडी म्हणजे गूढ नव्हे. मोडी म्हणजे आजोबांच्या ट्रंकेतलं खरेदीखत, वतनाचे कागद, पुराभिलेखागारातले रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे. प्रेक्षकांत वाचणारा एखादा निघतोच, आणि त्याला मंत्राच्या जागी निरर्थक अक्षरं दिसली तर जगच मोडतं. एका खऱ्या, राबलेल्या लिपीला ‘जादूची’ म्हणून मिरवणं तिच्यावर अन्यायच.

मग नमुना घेतला महानुभावांच्या सकळ लिपीचा. १४व्या शतकापासून त्यांनी आपले ग्रंथ अक्षरांच्या जागी दुसरी चिन्हं ठेवून लिहिले आणि शतकानुशतकं बाहेरच्यांना ते वाचता आले नाहीत. ती चिन्हं न घेता फक्त तत्त्व घेतलं. सातडोहाची लिपी ३४ चिन्हांची केली, प्रत्येक चिन्ह एका मराठी व्यंजनासाठी, स्वर ठिपक्यांनी. शिरोरेघ वर न घेता खाली, पाण्याच्या पातळीसारखी. त्या लिपीत खऱ्या मराठी ओळी लिहिल्या, नाटकासाठीच रचलेल्या ओव्या.

खरा मजकूर लिहायचं कारण व्यवहाराचं आहे. मनाला येईल ते गिरमिटलं तर हात दहाव्या ओळीपर्यंत पाच-सहा आकारांवर येऊन थांबतो आणि शब्द सारख्याच लांबीचे पडायला लागतात. खऱ्या भाषेत ‘आणि’, ‘तो’, ‘जे’ सारखे परत येतात, मध्येच लांब शब्द येतो, ओळ असमान तुटते. ही असमानता नक्कल करून आणता येत नाही.

समासातली टिपणं काजळाच्या शाईने, बोरूने. काजळ म्हणजे कार्बन, त्याला आम्ल-सोड्याचं काही वाटत नाही. त्यामुळे मंत्र वाहून गेला तरी वैदूची टीप तशीच राहते, आणि दंतकथेलाही ते धरून आहे : ओसरतो तो मंत्र, माणसाने लिहिलेलं ओसरत नाही. फक्त डिंक ओला झाला की काजळ फरफटतं, म्हणून टीप मंत्रापासून चार सेंमी लांब.

उजेड

रंगीत तालमीत मंत्राच्या प्रवेशाला लाल प्रकाश लावला होता, वातावरणनिर्मितीसाठी. मुलीने बासन सोडलं, पान उभं केलं, आणि पानावर काहीच नव्हतं. लाल प्रकाशात पिवळा कागदही लालच दिसतो, लाल अक्षरही. पाणी सोडायच्या आधीच मंत्र ओसरला होता. नारिंगी प्रकाशात थोडं बरं, तरी पुसट. थंड पांढरा एकच झोत, वरून डावीकडून, हे उत्तर ठरलं. त्यात अक्षर गडद आणि पान उजळ दिसतं. त्याच वेळी अक्षरांची उंची दीड सेंमीवरून साडेतीन सेंमी केली. एका पानावर दोन ओळी, ओळीला पाच चिन्हं, आठ नंबरच्या ब्रशने. पंधराव्या रांगेतून दहा चिन्हं मोजता आली, तेव्हा माप कायम केलं.

प्रयोगाच्या दिवशी

सामानाच्या पेटीत चार मंत्रपानं असत : तीन वापराची, एक जादा. सोड्याच्या आणि लिंबूसत्त्वाच्या बाटल्यांची झाकणं वेगळ्या रंगांची, आणि त्या कधीही एका कप्प्यात ठेवायच्या नाहीत. पाचव्या प्रयोगात अदलाबदल झाली. पंचपात्रात सोड्याचं पाणी गेलं आणि पळी सोडताच अख्खं पान लालभडक झालं. मुलीने प्रसंगावधान राखून ‘डोह रागावला’ म्हणत जादा पान काढलं. त्या दिवसापासून पंचपात्र भरल्यावर हळदीच्या चिठ्ठीवर एक थेंब टाकून बघायचा. चिठ्ठी पिवळी राहिली तरच ते विंगेत न्यायचं.

ओसरलेली १०५ पानं दाखवायला सुरुवातीला पेन्सिलीने पुसट अक्षरं काढून खोडली होती. चालून जात होतं, पण जिवंत नव्हतं. पहिल्या प्रयोगानंतर वापरलेली तीन मंत्रपानं दोरीवर वाळत टाकली. सकाळी बघितलं तर जिथे अक्षर होतं तिथे हळद धुपून फिकी झाली होती, आणि ओघळ थांबले तिथे बारीक गडद कड राहिली होती. चिन्ह वाचता येत नव्हतं, पण तिथे काही होतं हे कळत होतं. पेन्सिलीची तीन पानं काढून टाकली आणि त्यांच्या जागी ही ठेवली. दुसऱ्या प्रयोगानंतर आणखी तीन.

चौदा प्रयोगांनंतर पोथीत खरोखर ओसरलेली पानं ४२ आहेत. ती कोरड्या जागी, उजेडापासून लांब ठेवायची, कारण हळदीचा रंग उन्हाने उडतो. पावसाळ्यात दर पंधरवड्याला बासन सोडून पानं पंख्याखाली तासभर मोकळी करायची. चामड्याच्या पट्टीला तेल नको, कोरड्या फडक्याने पुसणं पुरे. पुढच्या प्रयोगासाठी हळकुंडं कुटून ठेवलेली आहेत. पेन्सिलीची ६३ पानं अजून बदलायची आहेत.